ब्लू नोट: तालमीचे पैसे देणारी रेकॉर्ड कंपनी

प्रश्न असा आहे की, जॅझ हे वादकांचे संगीत आहे, त्यातही वाजवता वाजवता सुचणाऱ्या सुरावटींचे. मग ब्लू नोट या रेकॉर्ड कंपनीचे नाव पियानोवादक थेलोनियस मंक किंवा सॅक्सोफोनवादक जॉन कॉल्ट्रेन यांच्या बरोबरीने का घेतले जाते, आणि कंपनीने त्या संगीतात स्वतःची अशी कोणती भर घातली? मी अनेक वर्षे ध्वनिमुद्रक म्हणून काम करतो, त्यामुळे हे उत्तर स्टुडिओच्या काचेमागून दिलेले आहे. माझ्या मते ब्लू नोटने वादकांना सर्वांत मोलाची गोष्ट दिली ती म्हणजे वेळ. ध्वनिमुद्रणाच्या आधीच्या तालमींचे पैसे ही कंपनी वादकांना देत असे, आणि तिच्या तबकड्यांचा जो विशिष्ट बाज रसिक पहिल्या काही मिनिटांत ओळखतात, त्यात या एका खर्चाचा वाटा फार मोठा आहे. (न्यूयॉर्क आणि टोकियो येथील याच नावाच्या क्लबांचा या कंपनीशी संबंध नाही. ही गल्लत वारंवार होते, म्हणून आधीच सांगून ठेवतो.)

कंपनीचा संस्थापक आल्फ्रेड लायन याचा जन्म १९०८ साली बर्लिनमध्ये झाला. १९२५ मध्ये सॅम वुडिंग या कृष्णवर्णीय अमेरिकन वादकाचा वाद्यवृंद बर्लिनला आला होता, तो ऐकून हा शाळकरी मुलगा जॅझच्या नादी लागला तो कायमचा. नाझी राजवटीतल्या जर्मनीत ज्यूंना जगणे अशक्य होत गेले आणि तीसच्या दशकाच्या अखेरीस लायन न्यूयॉर्कला स्थायिक झाला. २३ डिसेंबर १९३८ रोजी कार्नेगी हॉलमध्ये जॉन हॅमंड यांनी कृष्णवर्णीय संगीताचा एक मोठा कार्यक्रम घडवून आणला. त्यात आल्बर्ट ॲमन्स आणि मीड लक्स लुईस या बुगी-वुगी (जोरकस ठेक्याची पियानोशैली) वाजवणाऱ्या दोन पियानोवादकांना ऐकून लायन इतका भारावला की अवघ्या दोन आठवड्यांत, ६ जानेवारी १९३९ रोजी, भाड्याच्या स्टुडिओत त्याने दोघांचे ध्वनिमुद्रण केले. सुरुवातीचे भांडवल मॅक्स मार्ग्युलिस या लेखकाने पुरवले. त्याच वर्षी जूनमध्ये सिडनी बेशे याने सोप्रानो सॅक्सोफोनवर वाजवलेले ‘समरटाइम’ निघाले आणि कंपनीचे नाव पहिल्यांदा लोकांच्या कानावर गेले. ते नेहमीच्या १० इंची तबकडीऐवजी १२ इंची तबकडीवर काढलेले होते. ही मोठी तबकडी तेव्हा मुख्यतः पाश्चात्त्य अभिजात संगीतासाठी राखून ठेवलेली असे, आणि तिच्यामुळे वादकाला तीनऐवजी चार मिनिटांहून थोडा जास्त वेळ मिळाला. आपल्याकडच्या गायकांनी जुन्या तबकड्यांवर तीन-साडेतीन मिनिटांत राग कसा बसवला हे ज्यांनी ऐकले आहे, त्यांना या एका मिनिटाची किंमत वेगळी सांगायला नको. वादकाच्या वेळेसाठी पदरमोड करण्याची लायनची वृत्ती पहिल्या वर्षापासूनच अशी दिसते.

१९३९ च्या अखेरीस लायनचा बालमित्र फ्रान्सिस वूल्फ जर्मनीतून कसाबसा निसटून न्यूयॉर्कला पोहोचला. तो व्यवसायाने छायाचित्रकार होता. पुढची जवळजवळ तीन दशके हे दोघे मिळून कंपनी चालवत राहिले: निवड आणि स्टुडिओ लायनकडे, हिशेब आणि कॅमेरा वूल्फकडे.

चाळीसच्या दशकात बीबॉप हे वेगवान, गुंतागुंतीचे जॅझ आले तेव्हा जुन्या जॅझवर प्रेम करणाऱ्या या दोघांना ते लगेच उमगले असे नाही. त्यांना त्या दिशेला नेले आयक क्वेबेक या टेनर सॅक्सोफोनवादकाने. तो कंपनीचा कलाकार होताच, शिवाय नव्या वादकांची पारख करणारा विश्वासू सल्लागारही झाला. थेलोनियस मंक आणि बड पॉवेल यांच्याकडे लायनचे लक्ष त्यानेच वेधले. ऑक्टोबर १९४७ मध्ये मंकचे स्वतःच्या नावावरचे पहिले ध्वनिमुद्रण ब्लू नोटने केले, तेव्हा मंक तीस वर्षांचा होता आणि त्याला पियानो वाजवता येत नाही असे म्हणणारे लोक जॅझच्या धंद्यातच भरपूर होते. लायनची तेव्हाची पत्नी लॉरेन हिने दुकानोदुकानी फिरून मंकची तबकडी विकण्याचा प्रयत्न केला, पण खप नगण्यच राहिला. तरीही १९५२ पर्यंत कंपनी त्याला पुन्हा पुन्हा स्टुडिओत बोलावत राहिली. आज ज्या रचना जगभरचे विद्यार्थी पाठ करतात, त्यांतल्या कितीतरी पहिल्यांदा मुद्रित झाल्या त्या या न खपणाऱ्या तबकड्यांवर. (पुढे याच लॉरेनने, लॉरेन गॉर्डन या नावाने, न्यूयॉर्कचा व्हिलेज व्हॅनगार्ड हा जॅझ क्लब अनेक वर्षे समर्थपणे चालवला.)

आता तालमींविषयी. पन्नासच्या दशकात न्यूयॉर्कच्या परिसरात लहान जॅझ कंपन्या बऱ्याच होत्या, आणि त्यांतली प्रेस्टिज ही ब्लू नोटच्या तुलनेसाठी सर्वांत योग्य आहे, कारण दोन्ही कंपन्या एकाच ध्वनिमुद्रकाकडे, एकाच खोलीत, बऱ्याचदा त्याच वादकांना घेऊन काम करत. प्रेस्टिजची सर्वसाधारण पद्धत अशी की वादकांनी ठरलेल्या दिवशी यावे, सर्वांना ठाऊक असलेल्या चाली आणि ब्लूज वाजवावेत आणि संध्याकाळपर्यंत एक एलपी (लांब वाजणारी तबकडी) पुरी व्हावी. ब्लू नोटमध्ये मुद्रणाच्या आधी साधारण दोन दिवस, वादकांना पैसे देऊन, तालीम होई. त्यामुळे वादक नवीन, स्वतःच्या, अवघड रचना घेऊन येऊ शकत. दोन-तीन सुषिर वाद्यांसाठी नीट लिहिलेली सुरावट बसवता येई. शेवट कुठे, ड्रम्सने कुठे थांबायचे, एकल वादनांच्या मधले दुवे कसे असावेत, हे सारे ठरलेले असे. खोली, मायक्रोफोन आणि माणसे तीच असताना फळ वेगळे येत असेल, तर कारण खोलीत शिरण्याआधीच्या दोन दिवसांत शोधावे लागते.

यावर एक योग्य आक्षेप येतो. ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसच्या पंचकाने १९५६ मध्ये प्रेस्टिजसाठी फक्त दोन दिवसांत चार एलपींचे वादन मुद्रित केले, आणि त्या चारही आज अभिजात मानल्या जातात. पण ते पंचक रोज रात्री क्लबात एकत्र वाजवत होते, त्यामुळे त्यांची तालीम श्रोत्यांसमोर आधीच झालेली होती. एका तबकडीपुरते एकत्र आलेल्या सहा जणांची स्थिती तशी नसते. मी स्वतः स्टुडिओत हे सतत पाहतो: तालमीविना आलेला उत्तम वादक चुकत नाही, पण जपून वाजवतो, आणि ध्वनिफितीवर ते जपणे ऐकू येते.

‘ब्लू ट्रेन’ ऐकली की हा मुद्दा लगेच पटतो. जॉन कॉल्ट्रेन तेव्हा प्रेस्टिजशी करारबद्ध होता, परंतु ब्लू नोटसाठी एक तबकडी करण्याचा शब्द त्याने लायनला तोंडी दिला होता आणि तो पाळला. १५ सप्टेंबर १९५७ रोजी मुद्रित झालेल्या या तबकडीतल्या पाच रचनांपैकी चार कॉल्ट्रेनच्या स्वतःच्या आहेत. ‘मोमेंट्स नोटिस’मध्ये स्वरसंघ (कॉर्ड) इतक्या झपाट्याने बदलतात की एकोणीस वर्षांचा ट्रम्पेटवादक ली मॉर्गन आणि ट्रॉम्बोनवादक कर्टिस फुलर यांनी ते आयत्या वेळी वाचून इतक्या मोकळेपणाने वाजवणे मला शक्य वाटत नाही. दोन वर्षांनी ‘जायंट स्टेप्स’मध्ये कॉल्ट्रेनने स्वरसंघांचा जो विचार टोकाला नेला, त्याचे पूर्वरूप इथे स्पष्ट ऐकू येते.

ज्या खोलीचा वर उल्लेख केला ती न्यू जर्सीतल्या हॅकेनसॅक गावी, रुडी व्हॅन गेल्डर याच्या आई-वडिलांच्या घराची बैठकीची खोली होती. व्हॅन गेल्डर दिवसा डोळे तपासून चष्म्याचे नंबर देण्याचा व्यवसाय करी आणि उरलेल्या वेळात ध्वनिमुद्रण. १९५३ पासून ब्लू नोटचे काम त्याच्याकडे आले. त्याने नॉयमान कंपनीचे जर्मन कंडेन्सर मायक्रोफोन वाद्यांच्या बरेच जवळ ठेवले, आणि अशा जवळच्या मुद्रणात येणारा कोरडेपणा प्रतिध्वनीचा बेताचा वापर करून झाकला. परिणाम असा की ट्रम्पेटची फुंकर, झांजेवर पडलेल्या काठीचे टोक आणि डबल बासच्या तारेचा खरखरीत स्पर्श, सारे काही श्रोत्याच्या पुढ्यात येते. नंतर सुधारण्याची सोय जवळजवळ नव्हती. संतुलन वादन चालू असतानाच साधायचे आणि ते तसेच फितीवर उतरायचे. शिवाय तबकडीचा मूळ साचा कोरण्याचे कामही तो स्वतःच करी, त्यामुळे मायक्रोफोनपासून खाचेपर्यंत एकाच माणसाचे कान राहिले. त्याचा पियानो मात्र मला आजही किंचित कोंडलेला वाटतो, आणि ही तक्रार करणारा मी एकटा नाही; पण हॉरेस सिल्व्हरसारख्या ठोसून वाजवणाऱ्या पियानोवादकाला तोच आवाज शोभून दिसतो हेही खरे. १९५९ मध्ये व्हॅन गेल्डरने चष्म्याचा व्यवसाय सोडला आणि एंगलवुड क्लिफ्स येथे नवा स्टुडिओ उघडला. लाकडी कमानींवर उभे असलेले त्याचे छत सुमारे ३९ फूट उंच आहे. साठच्या दशकातल्या ब्लू नोटच्या तबकड्यांमध्ये ड्रम्सभोवती जी हवा जाणवते, ती या उंचीमुळे आलेली आहे.

वूल्फ तालमींच्या आणि मुद्रणाच्या वेळी छायाचित्रे घेई. काळ्या पार्श्वभूमीवर, एका बाजूने पडलेल्या प्रकाशात, वाद्यावर झुकलेला किंवा मुद्रण परत ऐकताना विचारात गढलेला वादक त्यात दिसतो. अमेरिकेतल्या करमणूक व्यवसायात कृष्णवर्णीय कलाकाराने कॅमेऱ्याकडे पाहून हसावे अशी अपेक्षा असण्याच्या काळात, वर्णद्वेषामुळे देश सोडावा लागलेल्या एका माणसाने त्यांना काम करणारे, विचार करणारे कलावंत म्हणून टिपले, हे मला फार महत्त्वाचे वाटते. पन्नासच्या दशकाच्या मध्यावर रीड माइल्स हा आरेखक कंपनीच्या कामाला लागला. त्याला स्वतःला जॅझपेक्षा पाश्चात्त्य अभिजात संगीत प्रिय होते. तबकडीत काय आहे ते लायन त्याला समजावून सांगे आणि मग तो वूल्फचे छायाचित्र निर्दयपणे कापून, एकाच रंगात बुडवून, त्याभोवती अक्षरांची मांडणी करी. १९६७ पर्यंत त्याने सुमारे पाचशे कव्हरे केली. दोनच रंग वापरण्यामागे छपाईचा खर्च वाचवणे हा हेतू होता, पण त्यातून निर्माण झालेली शैली आजही पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर आणि मैफलींच्या जाहिरातींवर जगभर उचलली जाते.

संगीताच्या बाजूने पाहिले तर पन्नासच्या दशकातले ब्लू नोटचे मुख्य काम म्हणजे हार्ड बॉप. बीबॉपच्या वेगात चर्चमधले गायन आणि ब्लूज परत आणणाऱ्या या प्रवाहाचे दोन आधारस्तंभ, ड्रम्सवादक आर्ट ब्लेकी आणि हॉरेस सिल्व्हर, दोघेही या कंपनीचे. ब्लेकीच्या जॅझ मेसेंजर्स या गटातून पिढ्यान्‌पिढ्या तरुण वादक घडून बाहेर पडले आणि लगेच ब्लू नोटवर स्वतःच्या नावाने वाजवू लागले. कंपनीला एरवी न परवडणारी शाळा ब्लेकीने तिच्यासाठी चालवली असे म्हणता येईल. लायनचा कान दर वेळी बरोबरच असे असे मात्र नाही. सिल्व्हरची ‘द प्रीचर’ ही रचना त्याला जुनाट वाटली आणि तो ती वगळायला निघाला होता. सिल्व्हर अडून बसला, लायनने ऐकले, आणि ती कंपनीची लोकप्रिय चाल ठरली. वादकाचे म्हणणे शेवटी मान्य करणारा मालक हाही या कंपनीचा एक मोठा गुण होता.

१९५६ मध्ये जिमी स्मिथचे हॅमंड ऑर्गन (विजेवर चालणारे ऑर्गन) लायनने ऐकले आणि त्याच्या तबकड्यांचा धडाका लावला. त्या भरपूर खपल्या, आणि त्या मिळकतीवर न खपणारे संगीत पोसले गेले. याचे सर्वांत बोलके उदाहरण १९६३ च्या हिवाळ्यातले आहे. नोव्हेंबर १९६३ ते जून १९६४ या आठ महिन्यांत लायनने अँड्र्यू हिल या जवळजवळ अनोळखी, गुंतागुंतीचे लिहिणाऱ्या पियानोवादकाच्या पाच तबकड्यांचे मुद्रण केले. फेब्रुवारी १९६४ मध्ये सॅक्सोफोनवादक एरिक डॉल्फीची ‘आउट टू लंच’ झाली, जिच्यातली लय आणि व्हायब्राफोन या धातूच्या पट्ट्यांच्या वाद्याचे तुटक स्वर आजही नवे वाटतात. ती बाजारात येण्याआधीच, जूनच्या अखेरीस, डॉल्फी बर्लिनमध्ये मरण पावला. आणि याच काळात, २१ डिसेंबर १९६३ रोजी, ली मॉर्गनने ‘द साइडवाइंडर’ वाजवली.

ही ‘साइडवाइंडर’ अनपेक्षितपणे प्रचंड खपली, आणि तिथूनच छोट्या कंपनीची ओढाताण सुरू झाली. वितरकांकडून पैसे उशिरा येत, तबकड्या छापण्याचे पैसे मात्र आधी मोजावे लागत, आणि पुढची तबकडी अशीच हवी असा तगादा मागे लागे. त्यानंतरच्या अनेक तबकड्यांची सुरुवात तशाच ठेक्याच्या चालीने होते, ती या तगाद्यामुळे. थकलेल्या आणि हृदयविकाराने त्रस्त झालेल्या लायनने कंपनी लिबर्टी रेकॉर्ड्सला विकली आणि १९६७ मध्ये निवृत्ती घेतली. वूल्फ १९७१ मध्ये, मरेपर्यंत, काम करत राहिला. पुढे लिबर्टी युनायटेड आर्टिस्ट्सकडे, ती ईएमआयकडे आणि शेवटी ईएमआयचा हा हिस्सा युनिव्हर्सलकडे गेला. मधल्या काळात ब्लू नोट जवळजवळ बंदच पडली होती. १९८५ मध्ये ब्रूस लुंडवॉल यांनी ती पुन्हा उभी केली. आल्फ्रेड लायनला १९८७ मध्ये मृत्यू येण्यापूर्वी ते पाहायला मिळाले.

या कंपनीचे कौतुक करताना दोन गोष्टी लपवू नयेत. पहिली रचनांच्या हक्कांची. त्या काळच्या रिवाजाप्रमाणे नव्या रचनेचे प्रकाशनहक्क बहुधा कंपनीकडेच जात, त्यामुळे वादकांना स्वतःच्या रचना आणायला उत्तेजन देण्यात कंपनीचाही फायदा होता. १९६२ मध्ये पहिली तबकडी करताना पियानोवादक हर्बी हँकॉकने ट्रम्पेटवादक डोनाल्ड बर्डच्या सल्ल्यावरून ‘वॉटरमेलन मॅन’चे हक्क स्वतःकडे ठेवले, आणि ती चाल दुसऱ्या वाद्यवृंदाने लोकप्रिय केल्यावर त्याचे उत्पन्न त्याला मिळाले. असा सल्ला देणारा वडीलधारा मित्र सगळ्यांना लाभला नाही. दुसरी गोष्ट कपाटात राहून गेलेल्या मुद्रणांची. टीना ब्रुक्स या विलक्षण हळव्या टेनर सॅक्सोफोनवादकाने स्वतःच्या नावाने चार तबकड्यांचे वादन मुद्रित केले, पण १९७४ मध्ये तो गेला तोवर त्यांतली ‘ट्रू ब्लू’ ही एकच प्रकाशित झाली होती. पुढे मायकल कस्कुना यांनी कोठारातल्या फिती वर्षानुवर्षे धुंडाळून अशी कितीतरी मुद्रणे उजेडात आणली. त्यांचे हे काम मी मूळ निर्मितीइतकेच मोलाचे मानतो.

सांस्कृतिक प्रभावाचा सर्वांत अनपेक्षित भाग साठच्या दशकाच्या अखेरीच्या आणि सत्तरच्या दशकातल्या तबकड्यांमधून आला. डोनाल्ड बर्डची १९७३ ची ‘ब्लॅक बर्ड’ भरपूर खपली, आणि जॅझच्या समीक्षकांनी तिला बाजारू म्हणून नाकारले. पण न्यूयॉर्कच्या हिप-हॉपवाल्या पोरांच्या घरी याच तबकड्या होत्या. सॅक्सोफोनवादक लू डोनाल्डसनच्या १९६७ च्या एका तबकडीवरचा लिओ मॉरिस याचा ड्रम्सचा ठेका, रॉनी फॉस्टरच्या ऑर्गनची ‘मिस्टिक ब्रू’मधली वळणदार सुरावट, हे तुकडे उचलून त्यांनी नवी गाणी रचली, ‘मिस्टिक ब्रू’वर अ ट्राइब कॉल्ड क्वेस्ट या गटाने १९९३ मध्ये बांधलेले गाणे सर्वश्रुत आहे. त्याच सुमारास अस-थ्री या लंडनच्या गटाने हँकॉकच्या ‘कँटलूप आयलंड’वर आधारलेले गाणे केले. त्यांनी आधी विनापरवाना तुकडे वापरले होते. कंपनीने खटला भरण्याऐवजी त्यांना आपले भांडार खुले करून दिले, आणि त्यामुळे एक संपूर्ण पिढी उलट्या वाटेने मूळ तबकड्यांपर्यंत पोहोचली.

भारताशी असलेले धागे थोडे पण खरे आहेत. नोव्हेंबर १९५७ मध्ये पियानोविना, केवळ बास आणि ड्रम्सच्या साथीने ब्लू नोटसाठी व्हिलेज व्हॅनगार्डमध्ये वाजवणारा सॅक्सोफोनवादक सॉनी रोलिन्स साठच्या दशकाच्या अखेरीस मुंबईत पवईच्या चिन्मयानंदांच्या आश्रमात राहून गेला आणि १९७८ च्या पहिल्या ‘जॅझ यात्रा’ या महोत्सवात मुंबईकरांसमोर वाजवला. पंडित रविशंकर यांची कन्या नोरा जोन्स हिची २००२ ची पहिली तबकडी ब्लू नोटच्या इतिहासातली सर्वाधिक खपाची ठरली, जरी तिला जॅझ म्हणावे की नाही यावर वाद आहे. आणि मुंबईचे उस्ताद झाकिर हुसेन यांनी सॅक्सोफोनवादक चार्ल्स लॉइड आणि गिटारवादक ज्युलियन लाज यांच्याबरोबर केलेली ‘सेक्रेड थ्रेड’ ही तबकडी २०२२ मध्ये याच कंपनीने काढली.

ऐकायला सुरुवात कुठून करावी, असे कोणी विचारले तर मी ‘ब्लू ट्रेन’पासून सांगेन, पण एका वेगळ्या रीतीने. कॉल्ट्रेनने त्याच वर्षी प्रेस्टिजसाठी केलेली एखादी तबकडी आधी ऐकावी आणि लगेच नंतर ही. एकल वादनाकडे लक्ष न देता, रचनेची सुरुवात, शेवट आणि दोन एकल वादनांमधले सांधे तेवढे ऐकावेत. मग ब्लेकीची ‘मोनिन’, हँकॉकची ‘मेडन व्हॉयेज’, वेन शॉर्टरची ‘स्पीक नो ईव्हिल’ आणि कान तयार झाल्यावर ‘आउट टू लंच’. जुन्या छापाच्या तबकड्यांवर लेबलजवळच्या कोऱ्या भागात व्हॅन गेल्डरची आद्याक्षरे आणि १९६६ पर्यंत छपाई करणाऱ्या प्लास्टिलाइट कारखान्याची कानासारखी खूण असते. संग्राहक त्यासाठी अवाच्या सवा किंमत मोजतात. निव्वळ ऐकण्यासाठी त्या मागे लागण्याची गरज नाही. मूळ फितींवरून केविन ग्रे यांनी अलीकडे नव्याने कोरलेल्या आवृत्त्या माझ्या कानाला अनेक ठिकाणी जुन्या छापापेक्षा अधिक मोकळ्या वाटतात, आणि ‘ट्रू ब्लू’ हाती लागली तर ती आधी घ्यावी.